प्रति: बीजिंगच्या हुतोंग गल्ल्या, पायी की रिक्षाने?
वर म्हटलंय की हुतोंग पायीच बघावेत, रिक्षात बसून काय कळणार. मला उलट वाटतं, शिछाहाय तलावापासून सायकलरिक्षा घ्याच पण माहिती सांगणारा गाईड हवा, कारण दारावरचे लाकडी खुंटे दोन की चार यावरून घरमालकाचा हुद्दा कळायचा हे कोणी दाखवल्याशिवाय लक्षातच येत नाही. आत गेल्यावर मधलं अंगण नि चारी बाजूंनी खोल्या, सिहेयुआन म्हणतात त्याला, मला तर आपला चौसोपी वाडाच आठवला, फार बरं वाटलं! भाडं माणशी की अख्ख्या रिक्षाचं ते मात्र आधीच ठरवा. शेवटी १४२० मधे पुन्हा बांधलेल्या ड्रम टॉवरला उतरा, जिना जाम खडा आहे पण वरून राखाडी कौलांची छपरं बघाच.