साम्राज्यं खर्चाच्या ओझ्याने बुडतात, हे पॉल केनेडींचं म्हणणं पटतं का?

नदीकाठ (धागाकर्ता):
केनेडींचं ‘द राइज अँड फॉल ऑफ द ग्रेट पॉवर्स’ (१९८७) पुन्हा वाचलं. १५०० पासूनच्या महासत्ता घेऊन ते दाखवतात की लष्करी पसारा उत्पन्नाच्या पुढे गेला की उतरण लागते. स्पेनकडे अमेरिकेची चांदी येत होती, तरी दुसऱ्या फिलिपला १५५७, १५७५ आणि १५९६ मध्ये सावकारांची देणी थांबवावी लागली. रणांगणापेक्षा खजिन्याकडे बघणारा हा इतिहासकार मला आजही पटतो.

उंबरठा:
मला नाही पटत. याच पुस्तकामुळे अमेरिकेची ओहोटी आणि जपानची भरती यांवर जगभर चर्चा झाली. प्रत्यक्षात १९९१ मध्ये कोसळलं ते सोव्हिएत युनियन, आणि ते कोसळण्याच्या बेतात नाही असं केनेडींनीच लिहिलं होतं!

नदीकाठ:
सोव्हिएत अर्थव्यवस्थेची दुखणीही त्यांनीच सविस्तर मांडली होती. वर्ष सांगता आलं नाही म्हणून निदान चुकीचं कसं?

माजघर:
तुम्ही दोघंही महासत्तेच्याच खतावणीत डोकं घालून बसलाय. ब्रिटनच्या युद्धांचा खर्च भरला कोणी? १८६८ ची अ‍ॅबिसिनियावरची (आजच्या इथिओपियावरची) ब्रिटिश मोहीम बघा. ब्रिटन आणि तिथल्या सम्राटाच्या त्या भांडणाशी आपला काडीचा संबंध नव्हता. तरी फौज मुंबईहून गेली आणि तिचा नेहमीचा पगार हिंदुस्थानच्या तिजोरीतून गेला. फुकट सैन्य पुरवणारी बराक म्हणून हिंदुस्थानकडे बघू नका, असं पार्लमेंटात क्रॅनबोर्न (पुढे पंतप्रधान झालेले सॉल्झबरी) यांनाच म्हणावं लागलं. दादाभाई नौरोजींनी उभं आयुष्य हाच हिशेब मांडण्यात घातलं. पुन्हा १९१७ मध्ये महायुद्धासाठी इथून दहा कोटी पौंड ‘भेट’ गेले. ओझं रयतेच्या पाठीवर असेल तर साम्राज्याला त्याची झळ लागणार कशी?

नदीकाठ:
म्हणजे तुम्ही केनेडींच्याच बाजूने बोलताय. १९३९ नंतर भारतीय फौजेच्या परदेशातल्या लढायांचा खर्च लंडनवर आला. युद्ध संपेपर्यंत ब्रिटन भारताचं शंभर कोटी पौंडांहून जास्त देणं लागत होतं. दोनच वर्षांत त्यांनी इथलं चंबूगबाळं आवरलं.

माजघर:
देणं लंडनच्या वहीत होतं. त्यापोटी नोटा छापल्या गेल्या त्या इथे. भाव भडकले आणि १९४३ मध्ये बंगालात लाखो माणसं भुकेने मेली. त्यांना कुठल्या रकान्यात धरायचं? १९४२ चं आंदोलन आणि १९४६ चं मुंबईतलं नौसैनिकांचं बंड बाजूला ठेवून फक्त कर्जापायी साम्राज्य गेलं म्हणत असाल, तर मी सहमत होणार नाही.