मदत हवी आहे: कोकण आणि गंगेचं मैदान एकाच उंचीचं कसं?

घाईत_आहे: तक्ता उद्या सकाळी द्यायचाय, प्लीज लवकर सांगा. भारतातल्या प्रदेशांची तुलना आहे. सरासरी उंची काढली तर कोकण आणि गंगेचं मैदान अगदी लागून येतंय! एक डोंगराळ, एक ताटासारखं सपाट. त्यात किनाऱ्यावरचं एक ठिकाण उणे ६४ मीटर दाखवतंय. काय चुकलं?

घाटवाट: कोकणाची पूर्वेची हद्द कुठे धरलीस, कड्याच्या पायथ्याशी की माथ्यावर? आणि उंची घेतलीस कुठून?

घाईत_आहे: हद्द नकाशात होती तीच. उंची मशीनवरून.

रूळप्रेमी: मशीन कशाला? स्टेशनच्या पिवळ्या पाटीवर समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. मी वर्षानुवर्षं वहीत टिपतोय, तीच घे.

घाटवाट: काका, रूळ सोपा चढ शोधत दरीदरीने जातात. पाट्यांवरून सह्याद्री बुटकाच दिसणार.

रूळप्रेमी: सपाट प्रदेशात तरी चालेल ना! दिल्ली साधारण २१५ मीटर, पाटणा ५३ च्या आसपास. एवढं उतरायला गाडी हजारेक किलोमीटर धावते.

घाटवाट: हे मात्र लाखमोलाचं बोललात. फरक त्या उतारातच आहे. @घाईत_आहे, नुसती सरासरी नको. पाच-पाच किलोमीटरच्या चौकटी पाड, प्रत्येकीतल्या सर्वांत उंच जागेतून सर्वांत सखल जागा वजा कर. मैदानात हा आकडा किरकोळ येईल, कड्याखालच्या कोकणात शेकड्यांत.

मळेवाला: उणे उंची खरी असू शकते. केरळात कुट्टनाडला समुद्रपातळीच्या खाली भातशेती होते.

घाटवाट: दोन-तीन मीटर खाली, ६४ नाही! मशीन जीपीएसचं असणार. ते पृथ्वीच्या गणिती लंबगोलापासून उंची मोजतं, आणि आपल्या कोकण किनाऱ्यावर समुद्रसपाटी त्या लंबगोलाच्या साठ-सत्तर मीटर खाली आहे. सेटिंगमध्ये 'समुद्रसपाटीपासून' निवड.

थंडहवा: हजार मीटर चढलं की तापमान साधारण साडेसहा अंशांनी उतरतं, तेही टाक.

घाईत_आहे: तापमान नकोय हो. सेटिंग बदललं, किनारा ३ मीटर आला! आता दख्खन. तिथे सरासरी चालेल?

घाटवाट: सोबत कल दाखव. गोदावरी अरबी समुद्रापासून ८० किलोमीटरवर उगवते आणि तरी १४६५ किलोमीटर वाहून बंगालच्या उपसागराला मिळते. पठार पूर्वेला कललेलं आहे. आणि कोकणाची हद्द अजून सांगितली नाहीस.

घाईत_आहे: आत्ता पाहिलं, रेघ पार माथ्यावरून गेलीय. पायथ्याला आणून पुन्हा काढतो.