कर्कच्या 'फेअरी'ला मराठीत काय म्हणावं? (मदत हवी आहे)

मंडळी, रॉबर्ट कर्क (१६४४–१६९२) या स्कॉटिश पाद्र्याच्या 'द सिक्रेट कॉमनवेल्थ'मधले काही उतारे मराठीत करायला घेतलेत आणि पहिल्याच शब्दाला गाडी अडलीय.

आधी माणूस कोण ते सांगते. एबरफॉइल गावचा पाद्री. बुवाबाजीतला प्रकार नव्हे, चांगला शिकलेला. १६८४ साली त्याने बायबलमधल्या स्तोत्रांचं गेलिक (स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातली भाषा) पद्यरूप छापलं. पुढे आयरिश बायबल याच डोंगराळ भागातल्या लोकांना वाचता यावं म्हणून रोमन लिपीत छापून घ्यायला लंडनला जाऊन राहिला. आणि १६९१च्या सुमारास याच माणसाने जमिनीखाली राहणाऱ्या 'फेअरीं'वर हे पुस्तक लिहिलं, तेही नास्तिकांना उत्तर म्हणून! छापलं गेलं थेट १८१५ साली.

आता अडचण. 'परी' लिहिलं की पंख आणि जादूची कांडी आलीच. कर्कच्या मंडळींचं शरीर दाटलेल्या ढगासारखं, तिन्हीसांजेला जास्त नीट दिसणारं. दर तीन महिन्यांनी ते बिऱ्हाड हलवतात. त्या दिवसांत ते वाटेत भेटू नयेत म्हणून लोक तिमाहीच्या पहिल्या रविवारी स्वतःसाठी, पिकांसाठी, गुरांसाठी संरक्षण मागायला चर्चला येतात, आणि मग पुढच्या तिमाहीपर्यंत फिरकत नाहीत, असं कर्क लिहितो. (पाद्रीबुवांचा वैताग कळतो!) लोक त्यांना 'भली माणसं' म्हणत, त्यांचा कोप होऊ नये म्हणून. आपण नाही का रात्री सापाला 'लांबडं' म्हणत, तसंच. मग 'भली माणसं'च ठेवू? की तळटीप दिल्याशिवाय कळणार नाही? 'आसरा' सुचवू नका प्लीज, त्या पाण्याच्या, आणि वाचक थेट कोकणात पोचेल.

शीर्षकाचंही तेच. 'गुप्त राष्ट्रकुल' म्हटलं की क्रीडास्पर्धा आठवतात. 'अदृश्यांचं राज्य' कसं वाटतं?

शेवटचं, 'सेकंड साइट', म्हणजे इतरांना न दिसणारं दिसण्याची शक्ती. 'दिव्यदृष्टी' म्हटलं की संजय आणि कुरुक्षेत्र. इथे मामला वेगळा आहे: बघणाऱ्याने आपला डावा पाय द्रष्ट्याच्या उजव्या पायाखाली ठेवायचा, द्रष्टा त्याच्या डोक्यावर हात ठेवणार, मग द्रष्ट्याच्या उजव्या खांद्यावरून पाहायचं. कच्च्या खर्ड्यात 'दुसरी नजर' लिहिलंय, पण त्यातून नजर लागल्यासारखा वास येतोय. तुम्ही काय लिहाल?