ड्रायडनच्या व्हर्जिलचे वर्गणीदार : माणूस आणि घराणं पक्कं कसं करावं?

तळटीप (धागाकर्ता)

इंग्रज कवी जॉन ड्रायडनने केलेला रोमन कवी व्हर्जिलचा इंग्रजी अनुवाद प्रकाशक जेकब टॉन्सनने १६९७ मध्ये वर्गणी गोळा करून छापला. पाच गिनी (सोन्याची नाणी) देणाऱ्यांची एक यादी, दोन गिनी देणाऱ्यांची दुसरी. पहिल्या यादीतल्यांच्या नावे एकेक पानभर चित्र, खाली नाव आणि कुलचिन्ह. अशी १०१ चित्रं आहेत. या लोकांची घराणी, सोयरीक आणि राजकीय बाजू यांवर मला एक प्रकरण लिहायचं आहे. पण 'सर अमुक', 'लॉर्ड तमुक' एवढ्यावरून माणूस ठरत नाही. बाप, लेक, पुतण्या सगळ्यांचं नाव तेच. सुरुवात कुठून करावी? आणि अनुवाद मूळ लॅटिनशी ताडून पाहायचा तर लॅटिनची कोणती आवृत्ती धरावी?

जुनी दप्तरं

आधी पदवीचा काळ पक्का करा, नावाकडे नंतर वळा. उमराव असेल तर 'कम्प्लीट पीरेज' या उमरावांच्या पदव्यांच्या कोशामध्ये १६९४ ते १६९७ या काळात ती पदवी कोणाकडे होती ते बघा. टॉन्सनशी करार जून १६९४ मधला आहे, म्हणजे वर्गणी देताना एक पदवी आणि पुस्तक हाती पडताना दुसरी, असंही होऊ शकतं. ज्याला 'इनीड' (व्हर्जिलचं महाकाव्य) अर्पण केलं आहे तो जॉन शेफील्ड आधी मलग्रेव्हचा अर्ल, १६९४ मध्ये नॉर्मन्बीचा मार्क्विस, १७०३ मध्ये बकिंगहॅमचा ड्यूक. सूचीत तीन वेगळी माणसं झालेली दिसतील, ती एकाच नोंदीत आणा.

'सर' असेल तर तो नाइट की बॅरोनेट हे आधी ठरवा. बॅरोनेटपद वारशाने जातं, त्यामुळे बापाच्या मृत्यूची तारीख लागली की बहुतेक वेळा निकाल लागतो. कॉमन्स सभेचा सदस्य असेल तर 'हिस्टरी ऑफ पार्लमेंट'चे १६९० ते १७१५ चे खंड जालावर फुकट आहेत. लग्न, जमीन, मतदान सगळं एका जागी मिळतं. तुमच्या प्रकरणाला याहून उपयोगी दुसरं काही नाही.

चर्चच्या नोंदवह्या १५३८ पासूनच्या, पण तुमचे वर्गणीदार साधारण १६३५ ते १६७५ मध्ये जन्मलेले. यादवी आणि प्रजासत्ताकाच्या काळात, म्हणजे १६४२ ते १६६०, कित्येक गावांच्या वह्या कोऱ्या किंवा अर्धवट आहेत. बाप्तिस्मा सापडला नाही म्हणून माणूस दुसऱ्या गावचा ठरवू नका. ऑक्सफर्ड, केंब्रिज आणि वकिलांच्या इन्सच्या (लंडनमधल्या वकिली शिक्षणाच्या संस्थांच्या) प्रवेशनोंदी बघा. त्यांत बापाचं नाव, बरेचदा वय आणि कितवा मुलगा हेही असतं.

मृत्युपत्रं : सधन माणसांची कँटरबरीच्या प्रेरॉगेटिव्ह कोर्टात, आता नॅशनल आर्काइव्हजमध्ये प्रॉब ११ या मालिकेत. मृत्युपत्र न करता वारला असेल तर प्रॉब ६. खुद्द ड्रायडन मृत्युपत्राविना वारला, त्याला प्रॉब ११ मध्ये शोधत बसाल तर हाती काही लागणार नाही. प्रॉब ६ च्या नोंदी १७३३ पर्यंत लॅटिनमध्ये आहेत, मात्र साचा ठरलेला असतो.

तारखांचं एक पथ्य : १७५२ च्या आधी इंग्लंडमध्ये वर्ष २५ मार्चला बदलायचं. वहीत 'फेब्रुवारी १६८०' असेल तर टिपणात १६८०/८१ असं लिहा. नाहीतर बापाच्या मृत्यूनंतर दोन वर्षांनी मूल जन्मलेलं दिसतं आणि तुम्ही वंशावळीलाच दोष देता.

हेरल्डांच्या (कुलचिन्हं तपासणाऱ्या अधिकाऱ्यांच्या) 'व्हिजिटेशन'च्या, म्हणजे तपासणी-फेऱ्यांच्या, छापील वंशावळ्या (शेवटची फेरी १६८० च्या दशकातली) वापरा, पण जपून. माहिती घरच्यांनीच दिलेली आहे. सांगणाऱ्याच्या आजोबांपर्यंत सहसा ठीक, त्यामागे दुसरा पुरावा मागा.

रेघ आणि ठिपका

कुलचिन्हाकडे दुर्लक्ष करू नका, तुमचा अर्धा प्रश्न तिथेच सुटतो. ढाल उभी दुभागलेली असेल तर एक अर्ध नवऱ्याचं, एक बायकोच्या माहेरचं. बघणाऱ्याच्या डाव्या हाताचा भाग नवऱ्याचा, कारण उजवं-डावं ढाल धरणाऱ्याच्या बाजूने मोजतात. नवखे इथेच चुकतात आणि सासर-माहेर उलटं होतं. मधोमध छोटी ढाल असेल तर बायको वारस. वर तीन दातांची पट्टी म्हणजे बाप हयात असलेला थोरला, चंद्रकोर म्हणजे दुसरा मुलगा, पाच टोकांची चांदणी म्हणजे तिसरा. लहान पंजा दिसला तर बॅरोनेट. बाप-लेकांचा घोळ या खुणांनी मिटतो, अर्थात खोदणाऱ्याने त्या काढल्या असतील तर.

रंग रेघांतून वाचा : ठिपके सोनेरी, उभ्या रेघा तांबडा, आडव्या निळा, कोरं ते रुपेरी. मायक्रोफिल्मवरून केलेल्या काळ्या-पांढऱ्या स्कॅनमध्ये ठिपके उडून जातात आणि सोनेरी ढाल रुपेरी वाटते, मग शोध भलत्याच घराण्याकडे जातो. ग्रंथालयाकडून रंगीत, मोठं स्कॅन मागवा.

तळटीप

फार मोलाचं. सुटी चित्रं विकायला असतात, ती चालतील का? आणि गिनीचा हिशोब २१ शिलिंगांनी केला तर?

रेघ आणि ठिपका

सुटी चित्रं पुरावा म्हणून नकोत. टॉन्सनने जॉन ओगिल्बीच्या १६५४ च्या व्हर्जिलचेच ताम्रपट वापरले, जुनी नावं आणि कुलचिन्हं घासून नवी खोदली. चित्र तेच, वर्गणीदार वेगळा. टॉन्सनचा ठसा ओळखायची खूण मजेदार आहे : त्याने 'इनीड'चा नायक ईनिअस याचं नाक बदलून तेव्हाचा राजा तिसरा विल्यम याच्यासारखं बाकदार करून घेतलं. ड्रायडनने पुस्तक राजाला अर्पण करायला नकार दिला होता, म्हणून राजाची छबी चित्रांतून आली. राजकीय बाजूवर लिहिताना हे हाताशी ठेवा, पण वर्गणीदार राजनिष्ठ होता असं त्यावरून म्हणू नका. नाक टॉन्सनने बदललं, त्यांनी नव्हे.

२१ शिलिंग हा दर १७१७ चा. १६९५ मध्ये गिनी ३० शिलिंगांपर्यंत चढली होती, १६९६ मध्ये ती २२ वर आणली. पहिल्या यादीवाल्यांनी तीन गिनी आधी आणि दोन पुस्तक घेताना द्यायच्या होत्या. दोन हप्ते दोन दरांचे निघतील, म्हणून रक्कम गिनीतच ठेवा.

अक्षरवृत्त

लॅटिनबद्दल. आजची चिकित्सक आवृत्ती समोर ठेवून 'ड्रायडनने भर घातली' असं लिहू नका. त्याच्यासमोर मुख्यतः रूएअसची, म्हणजे शार्ल द ला र्यूची, फ्रेंच युवराजासाठी काढलेली आवृत्ती होती. तिच्यात काव्याखाली सोप्या लॅटिन गद्यात अन्वय आणि त्याखाली टिपा असतात. भर वाटणारं विशेषण बरेचदा त्या अन्वयातून आलेलं असतं. त्यामुळे क्रम असा ठेवा : काव्य, अन्वय, टीप, मग ड्रायडन. याशिवाय लॉडरडेलच्या अर्लचा अनुवाद त्याने हस्तलिखितात पाहिला होता, यमकं जुळली तर तिथेही डोकवा.

ओळींचे आकडे जुळत नाहीत. 'इनीड'च्या पहिल्या सर्गात लॅटिन ७५६ ओळी, ड्रायडनच्या हजाराच्या पुढे. प्रत्येक उताऱ्याला दोन्ही क्रमांक द्या. व्हर्जिलने अर्ध्यावर सोडलेल्या ओळी मात्र वेगळ्या काढा. त्या ड्रायडनने भरून काढल्या आहेत, तिथे अन्वयाचा आधार अर्धाच मिळतो आणि उरलेलं खरंच त्याचं असतं. इंग्रजी पाठासाठी कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या ड्रायडन-संचाचे ५ आणि ६ हे खंड (१९८७) धरा, १६९८ च्या दुसऱ्या आवृत्तीतले फरकही त्यांत तपासता येतात.