हरवलेल्या वेळेचे अनुभव: धोतरा, भूल आणि आठवण

माणसाची आठवण बंद पाडणारे किंवा घटकेचे युग करणारे एखादे दुर्मीळ द्रव्य गोष्टींतून हमखास भेटते. बेळगाव, खानापूर, चिकोडी, निपाणी या पट्ट्यातल्या अनेक घरांनी मात्र तसा परिणाम प्रत्यक्ष पाहिलेला आहे. फक्त त्या द्रव्यांची नावे धोतरा, त्यातले ॲट्रोपिन, किंवा मिडॅझोलम, केटामीन ही दवाखान्यातली गुंगीची औषधे, अशी असतात. विषबाधेत किंवा उपचारात ज्यांचा काही वेळ असा हरवला, किंवा ज्यांनी तो दुसऱ्याचा हरवताना पाहिला, त्यांनी लिहावे, अशी विनंती मी केली होती. तिरप्या अक्षरांतली टिपणे माझी आहेत. मुद्दाम केलेल्या नशेचे अनुभव मागितलेले नव्हते आणि ते येथे घेतलेलेही नाहीत.

खानापूर तालुक्यातून, एक नातू

पावसाळ्याच्या तोंडाला बांधावरून खुडून आणलेल्या भाजीत धोतऱ्याची कोवळी पाने मिसळली गेली असावीत, असे डॉक्टरांनी नंतर सांगितले. जेवण झाल्यावर थोड्याच वेळात आजीचा घसा इतका कोरडा पडला की तिला पाण्याचा घोटही गिळवेना. चेहरा लालबुंद झाला आणि डोळ्यांच्या बाहुल्या एवढ्या विस्फारल्या की दारातला उजेडसुद्धा तिला सोसेना. दवाखान्यातल्या खाटेवर बसून ती चादरीवरून काहीतरी चिमटीने उपटत होती आणि शेजारच्या रिकाम्या जागेकडे वळून, "तरवा संपला, पेंडी टाका की वो," असे म्हणत होती; तरवा म्हणजे लावणीची भाताची रोपे. आजोबा जाऊन तेव्हा बरीच वर्षे लोटली होती. डॉक्टरांनी कन्नडमध्ये नाव विचारले, तर तिने तितक्याच स्वच्छ कन्नडमध्ये त्यांना मिरचीचा भाव सांगितला.

ती शुद्धीवर आली तेव्हा तिच्या लेखी ताटावरून उठणे आणि खिडकीतून दवाखान्याचे ओले पत्रे दिसणे या दोन गोष्टी लागोपाठ घडलेल्या होत्या. मधली अख्खी रात्र नव्हतीच. आम्ही सगळे सांगितले, तेव्हा तिने फक्त, "मी असं बोलंन व्हय?" असे विचारले. आता तोच प्रसंग ती आल्यागेल्याला रंगवून सांगते, अगदी चादरीवरच्या तरव्यासकट. पण तो सगळा आमच्या तोंडून ऐकलेला आहे, हे ती सांगत नाही.

*या अनुभवातला शेवटचा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. धोतऱ्यातील ॲट्रोपिन, हायोसायमिन आणि स्कोपोलामिन ही द्रव्ये ॲसिटिलकोलीन या शरीरातल्या निरोप्या रसायनाची वाट अडवतात. त्यामुळे लाळ आणि घाम आटतो, बाहुल्या मोठ्या होतात आणि मेंदूत नवी आठवण घडण्याचे कामही कोलमडते. आजीची ती रात्र पुसली गेली असे म्हणणे म्हणूनच बरोबर नाही. ती बहुतांशी नोंदलीच गेली नव्हती, आणि जे नोंदलेले नाही ते डोक्याला कितीही ताण दिला तरी सापडत नाही. महाशिवरात्रीला महादेवाला वाहण्यासाठी धोतऱ्याचीच काटेरी फळे घरात येतात, तेव्हा लहान मुलांचे हात तिथवर पोहोचणार नाहीत एवढे पाहावे.*

चिकोडी तालुक्यातून, एक परिचारिका

आमच्याकडे धोतऱ्यातले हेच ॲट्रोपिन उतारा म्हणून वापरले जाते. ऑर्गॅनोफॉस्फेट गटातल्या कीटकनाशकाची बाधा झाली की शरीरात ॲसिटिलकोलीन साचत जाते. तोंडाला फेस येतो, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या होतात, छातीत स्राव भरून श्वास घुसमटतो. अशा वेळी छाती मोकळी होईपर्यंत ॲट्रोपिन द्यावे लागते, आणि कधी कधी त्या ॲट्रोपिनचीच मात्रा अंगावर येऊन रुग्ण बरळू लागतो. एक तरुण शेतकरी खाटेचा दांडा हाच फवारणीचा पंप समजून पहाटेपर्यंत दट्ट्या मारत होता. घरच्यांना वाटले, विष डोक्यात चढले. औषधाची मात्रा बेतात आणल्यावर तो शांत झाला आणि आपल्याला इथे कोणी आणले, असे विचारू लागला. तेव्हापासून असे होऊ शकते हे मी नातेवाइकांना आधीच समजावून सांगते. नाहीतर देवऋषीला बोलावण्याची कुजबुज सुरू होते.

हुक्केरीहून, एक निवृत्त शिक्षक

सौंदत्तीच्या यात्रेला निघताना, अनोळखी माणसाच्या हातचे काही खाऊ नका, असे वडीलधारे बजावत असत आणि त्यामागे धोतऱ्याचीच धास्ती असे.

*ही धास्ती जुनी आहे. गोव्यात राहणाऱ्या गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्याने 1563 मध्ये छापलेल्या आपल्या ग्रंथात, धोतरा खाऊ घालून चोऱ्या करणाऱ्यांबद्दल आणि तो खाल्लेला माणूस कसा हसत सुटतो याबद्दल लिहून ठेवले आहे. ज्याला लुटले तोच साक्ष देऊ शकत नाही, ही चोराची मोठीच सोय होती.*

निपाणीहून

दुचाकीवरून पडून माझा खांदा निखळला होता आणि तो बसवण्यासाठी मला केटामीन दिले गेले. माझी आठवण गेली नाही, वेळ मात्र मोडला. छतावरचा पंखा एका पात्यावरून दुसऱ्या पात्यावर येईपर्यंत माझे सगळे आयुष्य सरले, असे मला खरोखर वाटत होते. बाहेर बसलेल्या भावाचा चहासुद्धा तेवढ्यात संपला नव्हता.

बेळगाव शहरातून, एक जोडपे

पोटाची दुर्बिणीतून तपासणी करताना मला मिडॅझोलमचे इंजेक्शन दिले होते. सुई टोचल्याचे मला आठवते आणि त्यानंतर एकदम घरातला पलंग आठवतो. मधल्या वेळेत मी डॉक्टरांशी बोललो, त्यांचे आभार मानले आणि स्वतःच्या पायांनी जिना उतरलो, असे सांगतात. तपासणीचे निदान डॉक्टरांनी मला समजावले होते म्हणे, आणि मी मान डोलावून सगळे समजल्याचेही सांगितले होते. सोबतीला माणूस आणा, 24 तास गाडी चालवू नका, व्यवहाराच्या कागदावर सही करू नका, अशा सूचना का देतात, ते तेव्हा कळले. कारण त्या अवस्थेतला माणूस पाहणाऱ्याला पुरता शुद्धीवर वाटतो.

पत्नी म्हणून थोडी भर घालते. डॉक्टरांचे बोलणे मी वहीत लिहून घेतले होते, म्हणून गोळ्यांचा घोळ झाला नाही. यांनी मात्र निदान काय झाले, हा एकच प्रश्न रिक्षात पुन्हा पुन्हा विचारला आणि दर वेळी उत्तर ऐकून नव्याने सुटकेचा निःश्वास टाकला. त्याच रिक्षात त्यांनी, पाऊस लागला की गोकाकचा धबधबा दाखवायला नेतो, असा शब्दही दिला. आपल्याला आठवत नाही म्हणून तो शब्द बंधनकारक नाही, असे त्यांचे म्हणणे आहे. रिक्षावाला ओळखीचा आहे आणि त्याला तो शब्द चांगला आठवतो.