‘टायटॅनिक’मधील वगळलेले प्रसंग : तुमचे अनुभव लिहा

अबोली (धागाकर्ती)
गेल्या रविवारी बाबांचे कपाट आवरताना १९९८ सालच्या ‘टायटॅनिक’ची दोन फाटकी तिकिटे सापडली. चित्रपट पाहून आलेले सगळे जॅक आणि रोजविषयी बोलत होते, बाबांनी मात्र एसटीच्या थांब्यावर मला विचारले होते, “जॅकबरोबर नाचणारी ती चिमुरडी होती ना, तिचं पुढे काय झालं गं?” मला सांगता आले नव्हते, कारण चित्रपटात ते कुठेच नाही.

२००५ साली निघालेल्या विशेष डीव्हीडी संचात वगळलेले पाऊण तासाच्या आसपासचे प्रसंग दिले होते. त्यातला एक मी परवा मोबाइलवर पाहिला. ती मुलगी, म्हणजे कोरा, आईवडिलांसह कुलूपबंद जाळीच्या दाराआड अडकलेली आहे आणि पाणी चढत आहे. मला तो पूर्ण पाहवला नाही. बाबांच्या प्रश्नाचे उत्तर त्यांच्या हयातीत मिळाले नाही, याचे मला आता बरेच वाटते. आपणांपैकी कोणी हे प्रसंग पाहिले असतील, तर काय वाटले ते जरूर लिहावे.

रानजाई
कुकर लावला आहे, तोवर लिहिते. तिसऱ्या वर्गातील मेजवानीनंतर जॅक आणि रोज डेकवर गाणे म्हणत येतात आणि त्यांना तुटता तारा दिसतो, असा एक प्रसंग आहे. शेवटी बर्फाळ पाण्यात फळीवर पडलेली रोज ताऱ्यांकडे पाहत तेच गाणे पुटपुटते. इतकी वर्षे मला वाटे की तिला थंडीने भ्रम झाला आहे. ती त्या रात्रीत परत गेली आहे, हे आता समजले. हा प्रसंग कापायला नको होता, असे माझे ठाम मत आहे.

दीपस्तंभ
मी व्यापारी जहाजांवर रेडिओ ऑफिसर होतो, त्यामुळे मला सर्वांत जास्त लागलेला प्रसंग बिनतारी खोलीतला आहे. जवळच बर्फात थांबलेल्या ‘कॅलिफोर्नियन’चा एकटा ऑपरेटर बर्फाची सूचना देतो आणि ‘टायटॅनिक’वरचा फिलिप्स त्याला, मी केप रेसशी (किनाऱ्यावरच्या बिनतारी केंद्राशी) बोलतो आहे, तू गप्प बस, असे फटकारतो. त्यानंतर तो बिचारा यंत्र बंद करून झोपला, आणि ११ वाजून ४० मिनिटांनी ‘टायटॅनिक’ हिमनगाला घासले. प्रत्यक्षातही हे असेच घडले होते. आमच्या रेडिओ खोलीतील घड्याळावर तासातून दोनदा येणारे तीन-तीन मिनिटांचे तांबडे पट्टे रंगवलेले असत. त्या वेळात संकटसंदेशांसाठीच्या ५०० किलोहर्ट्झ या लहरीवर कोणी काही पाठवायचे नाही, केवळ कोणाची हाक येते का ते ऐकायचे. मी ते पट्टे वर्षानुवर्षे पाहिले आहेत; फिलिप्सच्या काळी ते नव्हते, म्हणून त्याचा राग मला करता येत नाही. त्याच्यापुढे प्रवाशांच्या तारांचा ढीग पडला होता.

रानजाई
दीपस्तंभ काका, हे घड्याळाचे मला अजिबात ठाऊक नव्हते. मुलाला आत्ताच वाचून दाखवले.

केवडा
चित्रपटात पाणी चढत असताना पलंगावर एकमेकांना बिलगून पडलेले वृद्ध जोडपे दिसते, ते स्ट्राउस दांपत्य. वगळलेल्या प्रसंगात इडा बोटीत बसायला नकार देते. प्रत्यक्षातही त्यांनी पतीला सोडून जायचे नाकारले आणि आपला फरचा कोट मोलकरणीला देऊन तिला बोटीत बसवले. पुढे इसिडोर यांचा मृतदेह सापडला, इडांचा नाही. माझ्या आजोबांना रुग्णालयात ठेवले होते, तेव्हा आजी रात्री घरी जायला तयार होत नसे. बाकावर चादर अंथरून तिथेच झोपायची. मला तीच आठवली.

सांजवात
मला मात्र पर्यायी शेवट कापला हेच योग्य वाटते. त्यात म्हातारी रोज हिरा टाकायला जाते, तेव्हा नात आणि तो हिरा शोधायला आलेला लव्हेट धावत येतात, ती लव्हेटला हिरा क्षणभर हातात धरू देते आणि मग समुद्रात सोडते. एवढ्या लोकांसमोर ते घडले की तिचे चौऱ्याऐंशी वर्षे जपलेले गुपित सार्वजनिक होऊन जाते. एकटीने, अनवाणी, कठड्यावर चढून हिरा सोडणारी रोजच मला खरी वाटते.

अबोली
सांजवात, पटले. पण कोराविषयी तुम्हाला काय वाटते?

सांजवात
तो प्रसंग ठेवायला हवा होता. तिसऱ्या वर्गातील मुलांपैकी सुमारे दोन तृतीयांश मुले त्या रात्री वाचली नाहीत. जिचे नाव आपल्याला ठाऊक आहे, अशा एका मुलीचे काय झाले ते प्रेक्षकांना कळायला हवे होते.

पारिजात
लोकलमधून लिहीत आहे. फळीवर तरंगणाऱ्या चिनी माणसाला परत फिरलेली बोट उचलून घेते, हा वगळलेला प्रसंग कोणी पाहिला का? तिसऱ्या वर्गात आठ चिनी खलाशी होते, त्यांतले सहा वाचले, आणि न्यूयॉर्कला पोहोचल्यावर तिथल्या चिनीविरोधी कायद्यामुळे त्यांना दुसऱ्याच दिवशी देशाबाहेर पाठवण्यात आले. फळीवर वाचलेला माणूस खरोखर होता, त्याचे नाव फांग लांग, आणि चित्रपटातून नेमका तोच गळाला.

खाडीकाठ
मी अलिबागकडचा आहे. १७ जुलै १९४७ रोजी मुंबईहून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट काशाच्या खडकाजवळ बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसे गेली. माझ्या आजोबांचे थोरले भाऊ त्या बोटीवर होते. अबोलीताई, तुमच्या बाबांनी विचारला तोच प्रश्न आमच्या घरात पणजी विचारत असे, की शेवटी त्याच्याजवळ कोण होते. सांगणारे कोणीच नव्हते.

दीपस्तंभ
आमच्याकडे ‘रामदास’चे नाव निघाले की जुनी माणसे बोलणे थांबवत. तुमच्या घरी त्यांची काही वस्तू आहे का?

खाडीकाठ
छत्री आहे. त्यांनी ती मुंबईला जातानाच घाईत घरी विसरली होती. पणजीने ती खुंटीवरून कधी काढू दिली नाही. कापड कुजून गेले, काड्या अजून आहेत.