हप्ता परवडतो म्हणजे घर परवडलं का?

रोखकीर्द
सैफुलकर यांची कालची पोस्ट वाचून राहवलं नाही, म्हणून सविस्तर लिहितोय. ज्यांनी ती पाहिली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: ३२ लाखांचा फ्लॅट, ७ लाख स्वतःचे, २५ लाख कर्ज, साडेआठ टक्के व्याज, २० वर्षं मुदत, हप्ता २१,६९६ रुपये. त्यावर त्यांचं म्हणणं असं की नवरा-बायको दोघं कमावत असतील तर एवढा हप्ता सहज झेपतो, भाड्यानं राहणारे मूर्ख, आणि हप्ता जड वाटला तर सरळ ३० वर्षांची मुदत घ्यावी. खाली अंगठ्यांची रांग लागलीय.

मी दुकानांची खाती लिहितो. उधारीवर माल उचलताना नव्या पेठेतला व्यापारी पैशा-पैशाचं व्याज मोजतो, आणि तोच माणूस घराच्या कर्जाला फक्त हप्ता बघून सही करतो, हे मी कितीदा तरी पाहिलंय.

२१,६९६ गुणिले २४० म्हणजे ५२ लाख ७ हजार. त्यात व्याज २७ लाखांवर. पहिल्या हप्त्यात व्याजाचे १७,७०८ आणि मुद्दलाचे फक्त ३,९८८. दहा वर्षं नेमानं भरलंत की तुमचे २६ लाख गेलेले असतात आणि तरीही साडेसतरा लाख देणं बाकी असतं. मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष उजाडतं. मधेच नोकरी गेली, बदली झाली, घर विकायची वेळ आली, तर बँकेचं देणं अजून एवढं कसं, म्हणून माणूस चक्रावतो. कुठल्या हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, हा तक्ता बँकेकडे पहिल्या दिवसापासून असतो, पण मागितल्याशिवाय कोणी समोर ठेवत नाही.

आणि ती ३० वर्षांची सूचना! हप्ता होतो १९,२२३. महिन्याला वाचतात २,४७३ रुपये, आणि एकूण भरणा जातो ६९ लाख २० हजारांवर. म्हणजे १७ लाख जास्त. उलट १५ वर्षं घेतलीत तर हप्ता २४,६१८, जेमतेम तीन हजार जास्त, आणि पावणेआठ लाख वाचतात. व्याजदर पाव टक्क्यानं कमी मिळावा म्हणून लोक चार बँकांचे उंबरे झिजवतात. मुदतीवर कोणी घासाघीस करत नाही, आणि खरा पैसा तिथंच जातो.

सैफुलकर
तुमचं गणित बरोबर आहे, पण अर्धंच आहे. भाड्याचा हिशेब का नाही मांडलात? आज जुळे सोलापुरात मी ९ हजार भाडं भरतो. दरवर्षी पाच टक्के वाढ धरा. २० वर्षांत पावणेछत्तीस लाख होतात आणि विसाव्या वर्षी भाडं २२ हजारांच्या पुढं गेलेलं असतं. हप्ता मात्र तोच २१,६९६. शेवटी भाडेकरूच्या हातात काय राहतं?

आणि महागाई पाच टक्के धरली तर २० वर्षांनी तुमचे २१,६९६ म्हणजे आजच्या आठ हजारांएवढे. पगार वाढत जातो, हप्ता जागेवर राहतो. म्हणून ५२ लाख, ५२ लाख असं ओरडून लोकांना घाबरवू नका.

माझे वडील गिरणीत होते. गिरणी बंद पडली आणि पुढच्याच वर्षी मालकानं खोली रिकामी करायला लावली. माझी दहावी होती. भांडी हातगाडीवर घालून आम्ही भर उन्हात दुसऱ्या पेठेत गेलो. तेव्हा वडिलांच्या डोक्यावर कर्ज असतं तरी चाललं असतं, छप्पर तर आपलं राहिलं असतं. हे तुमच्या कुठल्या तक्त्यात बसतं ते सांगा.

रोखकीर्द
सैफुलकर, वडिलांचं वाचून वाईट वाटलं, मनापासून. पण एक विचारतो. गिरणी बंद पडल्यावर हप्ता कुठून भरला असता? भाड्याची खोली घरमालकानं काढून घेतली, घर बँकेनं काढून घेतलं असतं. घर घेऊ नका असं मी कुठंही म्हटलेलं नाही. किती वर्षांसाठी आणि एकूण कितीला घेताय, ते बघून घ्या एवढंच म्हणतोय. भाडं आणि हप्त्यातला फरक सुरुवातीला पावणेतेरा हजारांचा आहे, तो दर महिन्याला बाजूला पडला तर त्याचीही मोठी रक्कम होते.

सैफुलकर
कोण टाकतं बाजूला? एक माणूस दाखवा. लग्न, दवाखाना, पोरांची फी यातच जातो तो फरक. हप्ता आहे म्हणून सक्तीनं बचत होते.

रोखकीर्द
हे मान्य करावं लागेल. वीस वर्षं न चुकता फरक बाजूला टाकणारा गिऱ्हाईक मलाही अजून भेटलेला नाही.

माग चालू
काय बे, एवढी आकडेमोड! आमच्यात हप्ता बसतो का नाही तेवढंच बघतेत. पगारपत्रक नाही, बँक दारात उभी करत नाही. माझी आई विड्या वळायची. कुंभारीला रे नगरात, कामगारांच्या वसाहतीत, घर मिळालं म्हणून आमचं जमलं. केंद्राचे दीड लाख, राज्याचा एक लाख अनुदान. १९ जानेवारी २०२४ ला १५ हजार घरांच्या चाव्या वाटल्या, त्यात आमची होती. त्याच्यामागं लोकांनी लै वर्षं मोर्चे काढलेत. फ्लॅटवाल्यांनी ५२ लाखांचं रडगाणं आमच्यापुढं गाऊ नये.

हडपसर व्हाया सोलापूर
रोखकीर्द, तुम्ही वीस वर्षं एकच दर धरलाय. तसं कुठं होतं? २०२१ मध्ये आम्ही साडेसहा टक्क्यांनी २५ लाख घेतले, हप्ता १८,६३९. मे २०२२ पासून रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना पैसे देते तो दर, वाढायला लागला, चारचा साडेसहा झाला. बँकेनं हप्ता तोच ठेवला. आम्ही खूश, चला, आपल्याला झळ नाही. नंतर स्टेटमेंट काढलं तर मुदत माझ्या निवृत्तीच्याही पुढं! नऊ टक्क्यांनी महिन्याचं व्याजच १८ हजार होत होतं, मुद्दलात सहाशे रुपये जात होते. या वेगानं कर्ज फिटायला ३८ वर्षं लागली असती. मला एक फोन नाही, एक पत्र नाही.

अशा तक्रारी वाढल्यावर रिझर्व्ह बँकेनं ऑगस्ट २०२३ मध्ये परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय ग्राहकाला द्यायचा आणि स्थिर दरावर जायची मुभाही ठेवायची. मी अर्ज देऊन हप्ता वाढवून घेतला. २०२५ मध्ये रेपो उतरत सव्वापाचवर आला, तेव्हा बायको म्हणाली, आता हप्ता कमी करून घेऊ. नाही केला. दर उतरला तरी हप्ता तोच ठेवला की मुदत झपझप खाली येते. ज्यांचं कर्ज ऑक्टोबर २०१९ च्या आधीचं आहे त्यांनी तर तातडीनं बघा, कारण ते रेपोला जोडलेलं नसेल तर हे उतरलेले दर तुमच्यापर्यंत नीट पोचतच नाहीत. थोडं शुल्क भरून बदलून मिळतं.

शेळगीची सून
आमच्या कर्जात बँकेनं ६० हजारांचा विमा घातला. "मॅडम, कंपल्सरी आहे" म्हणाले. ते ६० हजारसुद्धा कर्जातच मिळवले. २० वर्षांत त्याचे सव्वा लाख होतात हे मला वर्षभरानं कळलं. असा विमा त्याच बँकेकडून घ्यायची सक्ती नसते. साधा मुदत विमा बाहेरून घेतला असता तर स्वस्तात पडला असता. सह्या करताना सासरे, दीर, बिल्डरचा माणूस, सगळे घाई करत होते, मुहूर्त टळतोय म्हणून. बाईमाणसानं तिथं कागद वाचायला घेतला की सगळ्यांची तोंडं वाकडी होतात.

हद्दवाढ १९९२
तुम्ही सगळे व्याजावरच अडकलात. सोलापुरात घराची खरी किंमत पाण्यात आहे. आमच्या सोसायटीला नळाला चार-पाच दिवसांनी पाणी. बोअर मार्चमध्ये कोरडं. मग टँकर, देखभाल वर्गणी, वरच्या टाकीची मोटर. महिन्याला दीड-दोन हजार असेच जातात आणि हप्त्यासारखे ते वीस वर्षांनी संपत नाहीत. हे धरलंय का कोणी?

विजापूर रोड
उजनी भरून वाहत असते आणि आपण घागरी मोजत बसतो. समांतर जलवाहिनीची वाट बघण्यात किती वर्षं गेली? एकशेदहा किलोमीटरवरून पाणी आणायचं, शिवाय भीमेत सोडलेलं पाणी औज-टाकळीला, जिथून शहरासाठी उपसतात तिथं, पोचेपर्यंत निम्मं वाटेतच जिरतं.

सैफुलकर
वाटेत जिरतं की वाटेत उपसतात? तेही लिहा.

विजापूर रोड
शेतकऱ्याच्या नावानं बोलू नका. धरणाखाली गेलेली जमीन त्यांची आहे. शहरातल्या लोकांना गाड्या धुवायला पाणी पाहिजे आणि ऊसवाल्याला शिव्या द्यायच्या.

सैफुलकर
मी शिव्या दिल्या नाहीत. शब्द माझ्या तोंडात घालू नका.

हद्दवाढ १९९२
भांडत बसा. १९९२ ला आम्हाला शहरात घेतलं. घरपट्टी शहराची, गटार नाही, पाऊस पडला की शाळेची पोरं चिखलातून. आणि कर्जाचंच बोलायचं तर ऐका. माझा प्लॉट गुंठेवारीचा, म्हणजे मंजुरीशिवाय गुंठ्या-गुंठ्यानं पाडून विकलेला. एकही राष्ट्रीयीकृत बँक दारात उभी करेना. ले-आउट मंजूर नाही, बिनशेती नाही, परत या. शेवटी एका पतसंस्थेकडून ८ लाख घेतले, १४ टक्के, १० वर्षं. हप्ता १२,४२१. जवळपास १५ लाख भरतोय. तेच साडेआठनं मिळाले असते तर १२ लाखांत सुटलो असतो. एका कागदापायी तीन लाख! गुंठेवारीचा कायदा २००१ चा, २०२१ मध्ये दुरुस्त करून डिसेंबर २०२० पर्यंतची बांधकामं त्यात घेतली, पण कार्यालयात फाईल या टेबलावरून त्या टेबलावर. तुम्ही फ्लॅटवाले पाव टक्क्यावर चर्चा करता, आम्ही साडेपाच टक्के जास्त भरतो.

विजापूर रोड
प्लॉट घेताना कागद बघायचे नाहीत आणि नंतर रडायचं.

हद्दवाढ १९९२
२००९ साली माझ्याकडे दोन लाख होते. दोन लाखांत मंजूर ले-आउटमधला प्लॉट कुठं मिळत होता ते दाखवा. नाहीतर गप्प बसा.

रोखकीर्द
विजापूर रोड, इथं तुमचं चुकलं. परवडणारी जागा तेवढीच होती म्हणून लोकांनी ती घेतली. ज्याची ऐपत कमी त्यालाच कर्ज महाग, हे मी रोज खात्यात बघतो. हद्दवाढ, नियमितीकरणाचा दाखला हातात आला की त्याच दिवशी कर्ज बँकेत वर्ग करायच्या मागं लागा. पतसंस्था मुदतपूर्व फेडीचा दंड लावते का, ते आधी करारात वाचा.

गुरुजी मजरेवाडी
करसवलतीचं कोणी बोललं नाही. व्याजावर दोन लाखांची वजावट मिळते, म्हणून माझ्या मुलाला त्याच्या मित्रांनी कर्ज लवकर फेडू नको असं सांगितलंय.

रोखकीर्द
गुरुजी, राहत्या घराच्या व्याजाची ती वजावट जुन्या करप्रणालीत आहे. नव्या प्रणालीत नाही, आणि नव्या प्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला २०२५-२६ पासून तसाही कर लागत नाही. मुलाचा पगार त्या आत असेल तर करासाठी कर्ज ठेवण्यात काहीच अर्थ नाही. जुन्या प्रणालीत वीस टक्क्यांच्या टप्प्यात असला तरी दोन लाख व्याज भरून वाचतात ४१,६०० रुपये. उरलेले दीड लाखावर खिशातूनच गेले ना?

सैफुलकर
रात्री बसून ३० वर्षांचा आकडा मीही काढून पाहिला. ६९ लाख येतात. ते वाक्य पोस्टमधून काढून टाकतो. पण भाड्याबद्दल जे लिहिलंय त्यातला एक शब्द बदलणार नाही, आणि तुम्ही कितीही तक्ते टाका, येत्या पाडव्याला बुकिंग करणार.

हडपसर व्हाया सोलापूर
करा की. ताबा मिळायच्या आधीचं बांधकाम असेल तर जीएसटी धरा, पूर्णत्वाचा दाखला मिळालेला असेल तर लागत नाही. मुद्रांक, नोंदणी, प्रोसेसिंग फी, फर्निचर हे सगळं त्या ७ लाखांच्या वर जातं. त्यासाठी वैयक्तिक कर्ज काढलंत तर साडेआठचा हिशेब तिथंच कोलमडला.

शेळगीची सून
रोखकीर्ददादा, माझी दोन लाखांची भिशी या महिन्यात लागली. कर्जाला दुसरं वर्ष लागलंय, २५ लाखांचंच आहे, दर बदलता आहे. सासरे म्हणतात सोनं घे, नवरा म्हणतो गाडी. मला कर्जात भरायचेत. दंड लागेल का?

रोखकीर्द
ताई, बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. बँकांना ही मनाई २०१२ पासून आहे. आणि तुमची वेळ उत्तम आहे. पहिल्या वर्षाअखेर एक लाख मुद्दलात गेला तर शेवटचे २१ हप्ते कमी होतात, म्हणजे साडेचार लाखांवर. तोच लाख पंधराव्या वर्षी भरला तर सातच हप्ते सुटतात.

पण दोन्ही लाख भरू नका. पाच-सहा हप्त्यांएवढे पैसे ठेवीत राहू द्या, दवाखाना काही सांगून येत नाही. उरलेले भरताना लेखी अर्ज द्या: "हप्ता आहे तोच ठेवावा, मुदत कमी करावी." असं लिहून दिलं नाही तर काही ठिकाणी हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवतात आणि फायदा बराच घटतो. अर्जाच्या प्रतीवर शिक्का घ्या, आठवड्यानं नवा तक्ता मागा आणि शेवटच्या हप्त्याची तारीख मागं आली का ते स्वतः बघा.

शेळगीची सून
सोमवारी जाते. सासऱ्यांना तुमचा हा तक्ता दाखवला. ते म्हणाले, सोन्याचा भावही काढून दाखव. त्यांच्याशी वेगळं भांडावं लागणार.